कुलूप तुमचंच ना?

आमच्या किल्लीमामाला दिवाणी कोर्टानं पोलीस संरक्षण दिलं होतं, एक कुलूप उघडण्यासाठी. हे कुणालाही सांगितलं की समोरचा आधी हसतो आणि मग विचारतो, "पण तुझा मामा कुलपंच उघडतो ना?" हो, कुलपंच उघडतो. मिसरूड फुटायच्या आधीपासून तो दुसरं काही करत नाही. काखेत कळसा आणि गावाला वळसा ही म्हण ज्यानं काढली तो नक्की आमच्या आजोळी राहून गेलेला असणार.

मामाचं दुकान म्हणजे रस्त्यावरून तीन उंच पायऱ्या चढून गेल्यावर लागणारी एक चिंचोळी खोली. दारात तारेवर अजून दाते न पाडलेल्या कच्च्या किल्ल्यांचे झुबके, वारा आला की किणकिणतात. आत पकडीत धरलेली किल्ली, शेजारी कानशींचा डबा, आणि सगळीकडे पितळेचा भुगा. मामाच्या भुवयांत भुगा, चहाच्या कपात भुगा, उशीच्या अभ्र्यात भुगा. मामी म्हणायची, "यांना जाळून काही उपयोग नाही, वितळवून भांडं करावं लागेल."

मामाचा एक नियम होता. गिऱ्हाईक आलं, "किल्ली हरवली हो, घराबाहेर अडकलोय" म्हणालं, की मामा पिशवी घेऊन जायचा, कुलपासमोर उकिडवा बसायचा आणि हात लावायच्या आधी विचारायचा, "कुलूप तुमचंच ना?" गिऱ्हाइकानं समोर उभं राहून "माझंच" म्हणायचं. मग काम सुरू. माणूस ओळखीचा असो, शेजारचा असो, कालच त्याच्या घरी जेवून आलेला असो, प्रश्न चुकायचा नाही. आणि कुलपाचा मालक समोर नसेल तर मामा पिशवी उचलून घरी यायचा. आमच्या रस्त्यावरचे एक गृहस्थ एकदा गच्चीवर कपडे वाळत घालायला गेले आणि परत आले तर दाराला कुलूप. गृहस्थ टॉवेलवर. मामानं विचारलं, "कुलूप तुमचंच ना?" ते प्रामाणिकपणे म्हणाले, "बायकोनं घातलंय." झालं. बायको कामावरून येईपर्यंत गृहस्थ जिन्यात टॉवेल सावरत बसले. ते अजून मामा दिसला की रस्ता ओलांडून पलीकडे जातात. मामाला वाटतं, त्यांचं पलीकडे काहीतरी काम असतं.

मला हा नियम लहानपणी फार थोर वाटायचा. पुढे त्याचा संताप यायला लागला, आणि तो का यायला लागला तेच सांगते आहे.

मामीच्या पायांतली ताकद एका आजारपणात गेली. जिभेतली गेली नाही, किंबहुना पायातली सगळी तिकडेच जमा झाली असं मामाचं मत. ती चाकांच्या खुर्चीत बसली तेव्हा नातेवाईक गळे काढायला आले. तिनं सगळ्यांना सांगितलं, "रडायचं असेल तर उभ्यानं रडा, इथे बसायची सोय मी फक्त माझीच केलीय." घर दुकानाच्या मागेच, तेव्हा पुढच्या तीन पायऱ्या तिला बंद झाल्या, पण मागचा रस्ता मोकळा होता. स्वयंपाकघराचं मागचं दार उघडलं की एक बोळ, आणि बोळ संपला की मागची गल्ली. सगळं सपाट. त्या गल्लीत एका बंद पडलेल्या दुकानाच्या छपराखाली दुपारी बायकांचा पत्त्यांचा अड्डा बसायचा. मामी रोज जेवण उरकलं की खुर्ची हाकत तिथे जायची आणि उन्हं कलेपर्यंत खेळायची. ती पत्ते लपवते हे सगळ्यांना ठाऊक होतं, पण पकडता कुणालाच येत नव्हतं. घरी परतायची ती गाल लाल करून, भांडून, जिंकून. तिचा दिवस म्हणजे ती दुपार होती. बाकीचा वेळ ती नुसती वाट बघायची.

बोळाच्या वर, जिना चढून, धाकटा मामा राहायचा. किल्लीमामाचा सख्खा धाकटा भाऊ. आजोबा गेल्यावर घराची वाटणी झाली, तेव्हा दुकान आणि खालच्या खोल्या थोरल्याला, वरचा मजला धाकट्याला, आणि बोळ दोघांचा. धाकट्याचा धंदा रंगाचा. लग्न केलं नाही, कारण त्याचा सगळा जीव त्याच्या स्कूटरवर. ती तो बोळात लावायचा, आणि दरवर्षी स्वतःच्या हातानं नव्या रंगात रंगवायचा. त्या वर्षी ती गडद निळी होती.

एका दुपारी मामी घाईत निघाली आणि खुर्चीच्या चाकाचा खिळा स्कूटरला लागला. बोटभर ओरखडा. धाकटा मामा वरून बघत होता.

"वहिनी, दिसत नाही का?"

"दिसतं भावजी, म्हणून तर एवढ्यावर भागलं."

आता इथे कुणीतरी "सॉरी" म्हटलं असतं तर वकिलांची पोरं उपाशी राहिली असती. पण आमच्या घराण्यात तो शब्द आलेलाच नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी मामीनं मागचं दार ओढलं तर ते हलेना. धाकट्यानं बोळाच्या बाजूनं नवा कोयंडा ठोकून त्यात कुलूप घातलं होतं. बोळ आपला एकट्याचा, असं त्यानं वरच्या खिडकीतून जाहीर केलं आणि खिडकी लावून घेतली.

आता ते कुलूप कसलं, तर अगदी साधं. मामानं गल्लीतून वळसा घालून बोळात जाऊन ते पाहिलं आणि येऊन मामीला सांगितलं, "चहा उतू जायच्या आत उघडेल."

"मग उघडा की!"

"कुलूप त्याचं आहे."

"दार आपलं आहे!"

"दार आपलं आहे, मी कुठे नाही म्हणतोय? पण कुलूप त्याचं आहे. तो समोर उभा राहून 'माझं आहे, काढ' म्हणेल तेव्हा काढीन."

मामीनं खुर्ची दाराकडे वळवली. मग म्हणाली, "बिजागऱ्या आपल्या बाजूला आहेत. त्या काढा. दारच उचलून बाजूला ठेवा."

मामानं विचार केला. खरंच केला, मी तिथेच होते. आणि म्हणाला, "ती कुलपाशी लबाडी झाली."

मी म्हटलं, मामा, कुलूप काय तुझ्यावर फिर्याद करणार आहे का? तर मला म्हणाला, "तुला नाही कळायचं. आज माझ्याकडे सगळ्या वस्तीच्या दारांत शिरायचं कसब आहे. लोक मला घरात घेतात कशाच्या जोरावर? मी विचारतो म्हणून." माणूस चुकीचा असला की भांडता तरी येतं.

आणि खरी गंमत अशी की धाकट्या मामाला हा नियम पाठ होता. तोही त्याच दुकानात, त्याच भुग्यात वाढला होता. त्यानं कुलूप साधं घातलं कारण त्याची मदार कुलपावर नव्हतीच. आपण समोर गेलो नाही की दादा कुलपाला हात लावत नाही, एवढं त्याला पुरेसं होतं. थोरला भाऊ बोळात दिसला की हा वर, तो दुकानाच्या दारात आला की हा मागच्या गल्लीतून पसार. एका घरात राहून आठ महिने तो भावाच्या नजरेला पडला नाही. एवढी चपळाई त्यानं धंद्यात दाखवली असती तर आज रंगाचा कारखाना असता.

मामीला पुढच्या पायऱ्यांवरून उचलून न्यायचा प्रयत्न एकदा झाला. दोघांनी धरली, तिसरा "सांभाळून, सांभाळून" म्हणत राहिला, आणि समोरचं अख्खं दुकान बाहेर येऊन बघत उभं राहिलं. खाली पोचल्यावर मामी म्हणाली, "आता परत वर ठेवा. मी पोतं नाही." त्यानंतर ती त्या वाटेला गेली नाही. पत्त्यांच्या बायका अधूनमधून दुकानातून आत येऊन बसायच्या, पण स्वयंपाकघरात चौघी मावायच्या नाहीत, आणि मामासमोर त्यांना मोकळेपणानं शिव्या देता यायच्या नाहीत. हळूहळू त्या यायच्या बंद झाल्या. मामी दुपारी एकटीच पत्ते मांडून बसायची. एकटीच्या खेळात मात्र ती लपवत नसे. हे मला तिच्या रडण्यापेक्षा वाईट वाटायचं, आणि ती रडत तर नव्हतीच.

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. मामी म्हणाली, "मला तर कुठलीच चढता येत नाही. तेव्हा तुम्ही चढा." म्हणून मामा चढला, आणि माझा शाळेतल्या नोकरीचा दिवस बुडवून मीही चढले.

वकीलबाईंची खोली कोर्टासमोरच्या जिन्याखाली होती. उभं राहिलं की डोकं आपटायचं, त्यामुळे त्यांचे सगळे पक्षकार नम्र वाटायचे. दावा सोपा होता. धाकटा स्वतः कधी फिरकलाच नाही, त्याचा वकील यायचा. तारखा पडल्या, नेहमीसारख्या, आणि शेवटी कोर्टानं हुकूम दिला की बोळ दोघांचा, धाकट्यानं कुलूप काढावं. धाकट्यानं काढलं नाही. मामा हुकूम आणि मला घेऊन बोळात गेला आणि खालून मोठ्यानं वाचायला लागला. दुसऱ्या ओळीला वरची खिडकी बोटभर उघडली आणि आतून नुसता आवाज आला.

"दाराला हात लावून बघ! हात जागेवर ठेवणार नाही!"

खिडकी बंद. आम्ही हे वकीलबाईंना सांगितलं तेव्हा त्यांचा चेहरा एकदम उजळला. त्यांना इतकं खूश मी तोवर पाहिलं नव्हतं.

"धमकी दिली? छान! साक्षीदार?"

"मी," मी म्हटलं.

"उत्तम. मग आपण पोलीस संरक्षण मागू. पोलिसांच्या देखत कुलूप काढायचं. पण आधी ठाण्यावर जाऊन या. ते नाही म्हणतील. नाही म्हणाले की कोर्टाला सांगता येतं, ते नाही म्हणाले."

आम्ही ठाण्यावर गेलो. ठाण्याच्या साहेबांनी हुकूम उलटसुलट करून पाहिला. "हे दिवाणी आहे," ते म्हणाले. ज्या सुरात डॉक्टर "हे डोळ्याचं आहे, मी दाताचा" म्हणतो, त्याच सुरात. "भावाभावांचं भांडण, त्यात पोलीस कशाला? कोर्टानं सांगितलं तर येऊ. सांगितल्याशिवाय आलो तर उद्या तुमचा भाऊ आमच्यावरच केस टाकेल."

आम्ही उठलो, तर साहेबांनी मामाच्या पिशवीकडे पाहिलं. "तुम्ही ते किल्लीवाले का? बरं झालं. तो तेवढा कपाटाचा खण बघा, किल्लीच लागत नाहीये."

मामा कपाटासमोर उकिडवा बसला. पुढे काय होणार ते मला माहीत होतं.

"कुलूप तुमचंच ना?"

साहेब म्हणाले, "सरकारचं आहे."

"मग सरकार समोर पाहिजे."

एका कोपऱ्यात बसलेला खिसेकापूसुद्धा कौतुकानं बघायला लागला. शेवटी एक जाडसर हवालदार, ज्याला भयंकर सर्दी झाली होती, रुमालातून म्हणाला, "साहेब, म्हणा की माझंच. इथे सरकार तुम्हीच." साहेब चिडून म्हणाले, "माझंच!" मामानं खण उघडला. आत अर्धं बिस्किट आणि एक कंगवा निघाला.

पोलीस नाही म्हणाले, हे सांगायला आम्ही परत कोर्टात. न्यायाधीशांनी अर्ज वाचला, चष्मा काढला, मामाकडे पाहिलं, परत चष्मा लावून अर्ज वाचला.

"तुमचा व्यवसाय?"

"कुलपं उघडतो, साहेब."

"आणि तुम्ही संरक्षण मागताय ते...?"

"कुलूप उघडायला."

मागे कुणीतरी खिंकाळलं. न्यायाधीशांनी दटावलं, पण त्यांच्याही मिशा हलल्या. "प्रतिवादीनं तुमचा हात तोडायची धमकी दिली असं म्हणता. तुम्हाला त्यांची भीती वाटते?"

वकीलबाईंनी मामाला आदल्या दिवशी तासभर पढवलं होतं की "हो" म्हणायचं. एकच अक्षर. मामा म्हणाला, "तो तसं बोलतोच साहेब. लहानपणी माझी पतंगाची दोरी घ्यायचा तेव्हाही असंच म्हणायचा. हात तोडणं दूर, रक्त पाहिलं की त्यालाच घेरी येते."

वकीलबाईंनी टेबलाखालून मामाच्या पायावर टाच दिली. ती मी ऐकली. मामा कळवळून "आई गं" म्हणाला, आणि बाई लगेच म्हणाल्या, "पाहा साहेब, नुसत्या आठवणीनं अशिलाची काय अवस्था होते."

संरक्षण मिळालं. ते त्या टाचेमुळे, की आपला मागचा हुकूम न मानल्याचा न्यायाधीशांना राग आला म्हणून, मला सांगता येणार नाही. हुकुमाचं म्हणणं असं होतं की अर्जदार कुलूप काढत असताना पोलिसांनी हजर राहून त्याला संरक्षण द्यावं. मामीला वाचून दाखवला तर तिनं विचारलं, "यात कुठे मालक समोर हवा असं लिहिलंय का?"

"नाही," मी म्हटलं.

"मग ठीक," मामी म्हणाली, आणि मामाकडे पाहिलं. मामा कानस पुसत होता.

ठरलेल्या दिवशी तोच सर्दीवाला हवालदार आला. मागच्या गल्लीतल्या बायकांना बातमी आधीच लागली होती. त्या खुर्च्या, स्टुलं घेऊन बोळाच्या तोंडाशी बसल्या होत्या, एकीनं तर विणकाम आणलं होतं. मी मामाबरोबर बोळात उभी. दाराच्या पलीकडे, स्वयंपाकघरात, मामी. सकाळपासून केस विंचरून, चांगले कपडे घालून, मांडीवर पत्ते घेऊन ती दाराजवळ खुर्ची आणून बसली होती. वरचा जिना रिकामा. धाकट्या मामाचं दार बंद.

हवालदारानं घसा साफ करून हुकूम वाचला, दोनदा शिंकला आणि मामाला म्हणाला, "हं, करा सुरू."

मामा उकिडवा बसला. पिशवीतून तार काढली. कुलपाकडे पाहिलं. मग मान वर करून जिन्याकडे पाहिलं.

"मालक नाही," तो म्हणाला.

"कोण?"

"कुलपाचा मालक. तो आल्याशिवाय मला विचारता येणार नाही."

हवालदार माझ्याकडे बघायला लागला. मी आकाशाकडे. त्याला म्हणाले, साहेब, तुम्हाला ठाण्यातलं कपाट आठवतंय ना? तेच.

"अहो, अर्ज तुमचा!" हवालदार ओरडला. "कोर्ट तुमचं! बंदोबस्त तुमचा! मी इथे ताप अंगावर काढून तुमचं रक्षण करतोय, ते तुम्ही नुसतं बसून राहावं म्हणून? काढा, कापा, चावून खा, पण ते कुलूप काढा!"

"तुम्ही काढता?"

"मला संरक्षण द्यायचा हुकूम आहे. कुलूप काढायचा नाही."

म्हणजे पाहा. पोलिसांना हात लावायचा हुकूम नाही, मामाला हुकूम आहे तर हात लावायचा नाही, आणि ज्याचं कुलूप तो बेपत्ता. मला त्या क्षणी आजोळच्या सगळ्या पुरुषांना एकाच कुलपात कोंडून किल्ली नदीत फेकावीशी वाटली.

"काय झालं?" दारापलीकडून मामीचा आवाज आला. "उघडलं का?"

शेवटी मीच म्हटलं, "मामी, मालक नाहीये."

विणकामवालीच्या सुया थांबल्या. मला वाटलं आता मामी तिच्या ठेवणीतलं काहीतरी सोडेल आणि आम्ही सगळे हसू. पण ती हळू आवाजात बोलली. तसा आवाज मी तिचा कधी ऐकला नव्हता.

"अहो, ऐका. भावजींनी कोंडलं त्याचं मला काही नाही. तो माणूसच तसला आहे. कुत्रं चावलं तर कुत्र्यावर कोण रुसतं? पण तुम्हाला येत होतं. आठ महिने रोज सकाळी तुम्ही माझ्या शेजारून उठून दुकानात गेलात, लोकांची दारं उघडून आलात, आणि तुम्हाला हे येत होतं. ते कुलूप कुणाचं ते तुम्ही रोज विचारलंत. आत कोण आहे ते नाही विचारलंत एकदाही."

त्याची पाठ माझ्याकडे होती, तेव्हा तोंड दिसलं नाही. मग त्यानं डाव्या हातानं कुलूप धरलं, न विचारता, आणि तार आत घातली.

"दादा, थांब!"

वरचं दार धाडकन उघडलं आणि धाकटा मामा जिन्यावरून धडपडत खाली आला. एका पायात चप्पल, दुसरा अनवाणी, अंगात उलटा सदरा. हवालदार पुढे सरसावला, दोन्ही हात पसरून मामासमोर उभा राहिला. ज्या क्षणासाठी कोर्टानं त्याला पाठवलं होतं तो आला, असं त्याला वाटलं असावं.

पण धाकटा मामा भावाच्या अंगावर गेलाच नाही. जिन्याच्या शेवटच्या पायरीवर उभा राहून धापा टाकत म्हणाला, "असं नको करूस. आधी विचार. मी आलोय ना. विचार मला!"

आठ महिने ज्या नियमाच्या आडून तो लपला होता, तो दादा मोडतोय हे मात्र त्याला बघवेना. सख्खे भाऊ होते. एकाच भुग्यातले.

मामानं तार बाहेर काढली. सावकाश वळला. आणि आपल्या पाठच्या भावाला, ज्याला त्यानं खांद्यावर बसवून फिरवलं होतं, म्हणाला, "कुलूप तुमचंच ना?"

"दादा, अरे, मला काय 'तुमचं'..."

"गिऱ्हाइकाशी मी असाच बोलतो. कुलूप तुमचंच ना?"

धाकट्याचा चेहरा पडला. शिवी दिली असती तर त्यानं चार परत दिल्या असत्या. "माझंच," तो पुटपुटला.

"मग किल्ली द्या. किल्ली असताना तार घालायचं कारण नाही."

धाकटा मामा चप्पल नसलेल्या पायाकडे बघत राहिला.

"हरवली," तो म्हणाला.

"कधी?" हे हवालदारानं विचारलं. सर्दीतही त्याचा कान टवकारला होता.

"लावलं त्याच आठवड्यात. स्कूटरवरून पडली कुठेतरी."

बोळाच्या तोंडाशी एक बाई फिस्कन हसली. आणि मग धाकट्यानं जे सांगितलं ते असं, की हुकूम आला तेव्हा कुलूप काढायचं त्याच्या मनात होतं. पण काढणार कसं? तोडावं तर आवाज थेट दादाच्या घरात. किल्लीवाला बोलवायला हवा. आणि या भागातले झाडून सगळे किल्लीवाले दादाच्या हाताखाली शिकलेले. कुणालाही बोलावलं तर संध्याकाळपर्यंत दादाच्या कानावर जाणार की पठ्ठ्यानं कुलूप घालून किल्ली हरवली. त्यापेक्षा कोर्टाचा अवमान परवडला. सुंभ जळेल पण पीळ जायचा नाही, तो असा.

"म्हणजे," हवालदार सावकाश म्हणाला, "तुम्ही कोर्टात लढत होता ते किल्ली हरवली हे लपवायला?"

"मग काय सांगू? हसले असते सगळे."

सगळे हसतच होते. फक्त मामा हसत नव्हता. तो वळला, तार आत गेली, आणि चहा उतू जायच्या आतच कुलूप सुटलं. त्यानं ते काढून धाकट्याच्या हातात ठेवलं आणि दार आत ढकललं.

मामी जी निघाली ती सरळ धाकट्या मामाच्या दिशेनं. खुर्ची अंगावर येते आहे हे पाहून तो जिन्याच्या दोन पायऱ्या मागे चढला आणि हवालदार गर्रकन वळून आता त्याच्यासमोर हात पसरून उभा राहिला. "बाई! बाई, हुकूम आहे!"

"कुणाला वाचवायचा हुकूम आहे?" मामीनं विचारलं.

हवालदारानं खिशातून कागद काढला, पाहिला आणि गोंधळून परत घातला. "आज जो वाचेल त्याला," तो म्हणाला.

मामी थांबली. धाकट्याकडे खालपासून वरपर्यंत पाहिलं. "सदरा उलटा आहे भावजी," म्हणाली. मग निळ्या स्कूटरच्या अगदी जवळून, पण न लागता, खुर्ची काढून ती गल्लीत गेली. बायकांनी जागा केली. पत्ते वाटले गेले. पहिलाच डाव ती जिंकली, आणि माझ्या डोळ्यांदेखत एक पत्ता मांडीखाली गेला.

मामाशी मात्र ती बोलली नाही. त्या दिवशी नाही, त्या आठवड्यात नाही. मामा दुकानात बसून किल्ल्या घासायचा, जेवायला आत यायचा, ताट समोर यायचं, आणि घरात भांड्यांखेरीज कशाचाच आवाज नसायचा. धाकट्यानं कोयंडाही उपटून टाकला, स्कूटर गल्लीत लावायला लागला, पण तिला त्याच्याशी काही देणंघेणं नव्हतंच. मामा मला एकदा म्हणाला, "कोर्ट बरं होतं गं. तिथे तारीख तरी मिळायची."

मग एक दिवस मी दुकानात बसले असताना एक माणूस घाईघाईनं आला. घराला कुलूप, किल्ली दुसऱ्या गावी गेलेल्या भावाकडे, तुम्ही जरा चला. मामानं पिशवी उचलली. मी मनातल्या मनात म्हटलं, आता विचारेल, मालक कोण, आणि हा माणूस भाऊ येईपर्यंत रस्त्यावर बसेल. आत मामी भाजी चिरत होती. तिचाही हात थांबला असावा, कारण सुरीचा आवाज बंद झाला.

मामा पायऱ्या उतरला, त्या माणसाकडे वळला, आणि त्यानं विचारलं, "आत कोणी आहे का?"

"म्हातारी आई आहे," माणूस म्हणाला. "तिला उठता येत नाही."

"मग भरभर चला," मामा म्हणाला. "कुलूप कुणाचं ते वाटेत बघू."

आतून सुरीचा आवाज पुन्हा सुरू झाला. आणि मामीनं त्याला हाक मारली, "अहो! येताना लिंबं आणा."